चौथा खाडा

गुरुवारी सकाळी मी मांसाच्या काउंटरपाशी टर्कीच्या माना निवडत उभी होते. मागून एक माणूस म्हणाला, "बाई, तुमच्या मुलाचं डोकं कसं आहे आता?"

महिनाभर सगळे मला माझ्या मुलाच्या, स्कीटच्या, मांडीचं विचारत होते. बसमध्ये, दवाखान्यात, चर्चच्या पायऱ्यांवर, केस धुवायला गेले तर तिथं डोक्यावर पाणी पडत असतानासुद्धा. स्कीटची मांडी कशी आहे, अजून किती दिवस घेईल, माझ्या भाच्याची अशीच शीर ताणली होती, त्याला अमुक तेल लावलं. माझी उत्तरं पाठ झाली होती. डोक्याचं कुणी विचारलं नव्हतं. त्यानं विचारलं आणि हातातली पिशवी मला एकदम गार लागली. ती गारच होती, मानांची पिशवी ती, पण मला ते तेव्हा कळलं. वळून पाहिलं तर पन्नाशीचा, पोट सुटलेला, अंगात माझ्या मुलाच्या नंबराचा सदरा. माझ्या मुलाचं नाव पाठीवर घेऊन हिंडणाऱ्यांशी मी नीट बोलते, तो माझा नियम आहे. म्हटलं, "डोकं त्याला जन्मापासून आहे. तुमचं कसं काय?"

"तसं नव्हे हो. तुमच्याच चर्चनं छापलंय." त्यानं फोन माझ्या नाकासमोर धरला. गुलाबी कागदाचा फोटो होता. बुधवारच्या प्रार्थनेला आमच्या माउंट नेबो चर्चमध्ये वाटतात तो कागद मी शंभर पावलांवरून ओळखीन. आजारी आणि घरी पडून असलेल्यांची यादी. सिस्टर ब्रॉडनॅक्स, गुडघा. ब्रदर ओट्स, डोळ्याचं ऑपरेशन. आणि चौथ्या ओळीत स्कीटचं पाळण्यातलं नाव, लॅव्हेल पेटवे, डोकं.

"माझ्या संघात आहे तो," माणूस म्हणाला. "म्हणजे आमच्या ऑफिसातला तो खेळ असतो ना, आपापले खेळाडू निवडायचे, ते मैदानात खेळले की आपल्याला गुण. चार आठवडे मी त्याला बसवून ठेवलाय. या रविवारी लावू की नको, एवढं सांगा."

"तुमच्या संघात आहे तर रविवारी जेवायला तुमच्याकडेच पाठवते. त्याला दोन कोंबड्या लागतात एका वेळी."

काउंटरमागची बाई हसली, तोही हसला, मीही हसल्यासारखं केलं. माना न घेताच बाहेर आले. बसस्टॉपवर येईपर्यंत माझ्या लक्षातही आलं नाही की पिशवी मी तिथंच ठेवून आलेय.

बसमध्ये बसून मंगळवार आठवायला लागले. मंगळवारी दुपारी मी रताळी सोलत होते, फोन खांद्यानं कानाशी दाबलेला. व्हर्नेलबाई टूमर दर मंगळवारी सगळ्यांना फोन करतात, चाळीस वर्षं यादी त्याच लिहितात. नाव सांगायचं आणि काय दुखतंय ते सांगायचं, कारण आमचे पास्टर म्हणतात, नुसतं बरं कर म्हणून देवाला सांगू नये, कुठं हात ठेवायचा तेही सांगावं. तीन आठवडे मी स्कीटचं नाव दिलंच नव्हतं. पेटवेंचं नाव त्या यादीत आजवर लागलं नव्हतं; माझा नवरा मेला तो थेट दुसऱ्या, मयतांच्या कागदावर गेला. चौथ्या आठवड्यात दिलं. व्हर्नेलबाई म्हणाल्या, "कुठं दुखतंय म्हणून लिहू गं ओझेला?" आणि मी म्हटलं, मांडी. मी मांडी म्हटलं. रताळ्याची साल निघत होती, सुरी बोथट होती, खिडकीबाहेर शेजारचा माणूस पानं उडवायचं यंत्र चालवत होता, हे सगळं मला आठवतं. मांडी म्हटल्याचं आठवतं असं मला वाटतं. पण वाटणं आणि आठवणं यांत किती अंतर असतं ते मला बसमध्ये बसल्याबसल्या सांगता येईना. तोंडात तो शब्द घोळवून पाहिला. मांडी. मग दुसरा घोळवून पाहिला. दोन्ही सारखेच ओळखीचे लागले. समोरची बाई मुलाला खिडकीकडे सरकवून बसली, तेव्हा मला कळलं की मी मोठ्यानं बोलतेय.

आमच्या घरात खाडा म्हणजे शिवी. क्लिफ्टननं, माझ्या नवऱ्यानं, सव्वीस वर्षं महापालिकेची कचऱ्याची गाडी चालवली आणि एक खाडा केला नाही. बर्फ पडला, शहर बंद पडलं, हा चालत डेपोवर गेला आणि कुलूप बघून परत आला, ते खाड्यात धरायचं नाही असं साहेबाकडून लिहून आणलं. त्याचं पितळी मानचिन्ह दिवाणखान्यात आहे. शेवटच्या वर्षी तो जिना चढून आला की दाराशी उभा राहायचा, बुटाची नाडी सोडायला वाकायचा आणि वाकलेलाच राहायचा. मी म्हणायची, काय रे, खाली सोनं सापडलं का? तो म्हणायचा, सापडलं की सांगतो. मला काय ठाऊक तो श्वास गोळा करत होता. की ठाऊक होतं? मला हेही आता सांगता येत नाही. मला त्या पितळी तुकड्याचा अभिमान होता. स्कीटला कांजिण्या आल्या तर शेवटच्या फोडावर मी पावडर लावून त्याला शाळेत पाठवला, कारण वर्षाचं हजेरीचं प्रमाणपत्र चुकायला नको. नऊ वर्षांचं पोर, अंगाला खाज, एक शब्द बोललं नाही. नाही, खोटं कशाला सांगू, बोललं. दारापासून गाडीपर्यंत भांडलं माझ्याशी. स्कीट भांडल्याशिवाय काही करत नाही. पंचाशी भांडतो, प्रशिक्षकाशी भांडतो, मक्याच्या पावात साखर घालावी की नाही यावरून माझ्याशी वीस वर्षं भांडतोय. भांडतो आणि मग करतो. आठ मोसम तो या शहराच्या फुटबॉल संघासाठी लांबून फेकलेला चेंडू झेलतोय आणि आठ मोसमांत त्याचा एक सामना चुकला नव्हता. टीव्हीवरचे लोक म्हणायचे, पेटवेचे हात बघा. मी म्हणायची, हजेरी बघा.

आणि मग ते चार सामने. पहिला चुकला तेव्हा मी मैदानावर जायला टोपी घालून तयार होते. सामन्याच्या दीड तास आधी न खेळणाऱ्यांची नावं लावतात, त्यात माझ्या मुलाचं नाव मी टीव्हीवर वाचलं, त्याच्या तोंडून नाही. टोपी डोक्यावर तशीच ठेवून मी पूर्ण सामना बघितला. त्याच्या जागी कुणी कोवळं पोर घातलं होतं, त्याच्या हातांतून दोन झेल सुटले. तेव्हा मला बरं वाटलं, ते देवानं ऐकलं असेल तर ऐको. चारातले दोन सामने परगावचे होते. परगावच्या सामन्याला जखमी माणसाला नेत नाहीत, म्हणून त्या दोन रविवारी तो माझ्याकडे जेवायला आला. खेळाच्या मोसमात रविवारी माझ्या टेबलाशी माझा मुलगा, हे आठ वर्षांत झालं नव्हतं. मी शिजवत सुटले. टर्कीच्या माना, हिरवी पालेभाजी, रताळ्याची गोड पाई, सगळं. आणि मला आनंद झाला होता. आता बसमध्ये तो आनंद मला चोरीच्या वस्तूसारखा वाटायला लागला, कारण त्या दोन रविवारी मी काही गोष्टी बघितल्या होत्या आणि आनंदाच्या भरात त्या बाजूला सारल्या होत्या. तो आला तेव्हा गाडी दारात लावून अर्धा तास आतच बसून राहिला, इंजिन चालू. मी पडद्याआडून बघत होते. वाटलं, फोनवर असेल. फोन हातात नव्हता. आत आल्यावर म्हणाला, पडदा ओढ गं, उजेड फार आहे. बाहेर ढग होते. जेवताना मला दोनदा "मॅव्हिस मावशी" म्हणाला. माझी बहीण मॅव्हिस, तिला जाऊन सहा वर्षं झाली. माझा चेहरा तिच्यासारखा होत चाललाय असं सगळेच म्हणतात, मग मी तेच म्हटलं, आणि वर भाजी वाढली.

पण त्याच्याही आधीची एक गोष्ट आहे, आणि ती मी बघितली की नंतर रचली हे मला ठरवता येत नाही. उत्तरेकडच्या संघाशी सामना होता, आमच्याच मैदानावर. स्कीट कोपऱ्यात उडी मारून चेंडूवर गेला, मागून एक आडदांड अंगावर आला, दोघं एकत्र पडले. चेंडू निसटला, तो दुसऱ्यानं उचलला, सगळं मैदान त्या चेंडूमागे ओरडत गेलं, कॅमेरेही गेले. मी आई आहे, मी चेंडूमागे जात नाही. स्कीट उताणा पडला होता. त्याचा उजवा हात हवेत होता, कोपरापासून वर, बोटं ताठ, कुणीतरी वरून काही देईल म्हणून धरल्यासारखा. किती वेळ? तीन श्वास, चार श्वास. मग शुद्धीवर आल्यासारखा हात खाली आला, तो कुशीवर वळला आणि त्यानं मांडी धरली. सगळ्यांनी बघितलं ते मांडी धरणं. धावत आलेल्या डॉक्टरांनीही मांडीच बघितली, आणि मांडी खरंच दुखावली होती, त्याचे फोटो निघालेत. मीही शेजारच्या खुर्चीतल्या बाईला म्हटलं, मांडी गेली वाटतं. म्हटलं मी असं. आणि हात? तो हात घरी येईपर्यंत माझ्या मनातून गेला होता, आणि आता बस पुलावरून जात होती, खिडकीतून ऊन माझ्या मनगटावर पडलं होतं, आणि मी माझाच हात कोपरापासून वर उचलून बघत होते की असा होता का.

दुपारी स्कीट आला. या वेळी गाडीत बसून राहिला नाही. दार उघडून थेट स्वयंपाकघरात, टोपी डोळ्यांवर ओढलेली.

"मम्मा, काय सांगितलंस तू त्या म्हातारीला?"

"व्हर्नेलबाई म्हण. तिनं तुझे लंगोट बदललेत."

"काय सांगितलंस?"

"मांडी," मी म्हटलं.

त्यानं हुश्श केलं. खुर्ची ओढून बसला. "मग सुटलो. सकाळपासून माझ्यामागे लागलेत. डॉक्टर विचारतोय, प्रशिक्षक विचारतोय, पेपरवाले फाटकाशी उभे. मी म्हटलं, आमच्या चर्चमधल्या बायका म्हाताऱ्या झाल्यात, एकाचं दुखणं दुसऱ्याच्या नावावर चढवतात. गेल्या साली बार्बर काकांना त्यांनी बाळंत केलं होतं ना?"

"केलं होतं."

"तेच म्हटलं. ते म्हणाले, मग चर्चकडून लिहून आण, चूक झाली म्हणून. लेखी असलं की पेपरवाले गप्प बसतील. मी रविवारी खेळतोय, मम्मा. चार सामने गेले. हा पाचवा नाही जाणार."

"तुझं डोकं दुखतं का?"

"सगळ्यांचंच दुखतं."

"मी सगळ्यांची आई नाही."

"तू सांगितलंस ना मांडी? मग मांडीच." टेबलावर रताळ्याची पाई झाकून ठेवली होती, तिच्याकडे बघत तो म्हणाला, "तूच म्हणायचीस, पेटवे खाडा करत नाहीत. आता काय झालं?"

त्याच्या कपाळावर घाम होता. ऑक्टोबर संपत आलेला, स्वयंपाकघर गार, आणि त्याच्या कपाळावर घाम. मला वाटलं, हा रविवारी खेळावा आणि सगळं मैदान उभं राहावं. त्याच क्षणी वाटलं, याची मांडी मोडलेलीच राहिली तर बरं, अगदी कायमची. दोन्ही इतकं खरं वाटलं की मी ओट्याची कड धरली.

चर्चचं ऑफिस तळघरात आहे. व्हर्नेलबाई एक्क्याऐंशीच्या, दोन चष्मे, एक डोक्यावर आणि एक गळ्यात, आणि शोधतात तिसराच. आम्हाला बघून त्यांनी खुर्चीवरची उशी काढून स्कीटला दिली. "बस रे राजा. तू बसलास की खुर्ची रडते."

मी उभ्यानंच विचारलं, "व्हर्नेलबाई, मंगळवारी मी तुम्हाला काय सांगितलं?"

"डोकं म्हणालीस."

"मांडी म्हटलं मी."

"मी दोनदा विचारलं, ओझेला. पहिल्यांदा डोकं म्हणालीस. मला वाटलं ऐकण्यात चूक झाली, कारण सगळं गाव मांडी मांडी करतंय. पुन्हा विचारलं. तू म्हणालीस, डोकं, व्हर्नेलबाई, डोकं. आणि फोन ठेवलास. ठेवते असंही मला नीट म्हणाली नाहीस."

स्कीटनं माझ्याकडे बघितलं नाही. भिंतीवरच्या कॅलेंडराकडे बघत होता. ऑफिसात जुन्या पुस्तकांचा आणि मेणबत्त्यांचा वास येत होता आणि वर कुणीतरी पियानोची एकच पट्टी पुन्हा पुन्हा दाबून बघत होतं. मी म्हणू शकले असते, बाई, तुमचं वय झालं. तोंडापर्यंत आलंही. त्या बाईनं चाळीस वर्षं अख्ख्या गावाची दुखणी आपल्या अक्षरात लिहिली, आणि मी तिला एका वाक्यात म्हातारी करून टाकणार होते.

ते मला बोलावंच लागलं नाही. त्यांनी माझ्याकडे बघितलं, मग स्कीटकडे, आणि म्हणाल्या, "चूक माझीच झाली असं लिहिते. त्यात काय. लोक लगेच विश्वास ठेवतील. बार्बरला मी बाळंत केलं तेव्हापासून त्यांना माझ्याकडून हेच पाहिजे असतं." त्यांनी कोरा कागद ओढला, लिहायला लागल्या, दोन्ही चष्मे एकावर एक घालून. लिहून झाल्यावर टेबलावरच्या कागदांच्या चवडीत हात घातला आणि एक कागद स्कीटकडे दिला. "वाच. चालेल का बघ. नाव तुझं आहे."

त्यानं कागद घेतला. मी त्याच्या खांद्यामागे उभी होते. बाईंनी चुकून दुसराच कागद दिला होता. रविवारच्या वाढदिवसाच्या जेवणाचा, चर्चचा वाढदिवस असतो त्याचा. नारळाचे केक तीन, सिस्टर ओट्स. रताळ्याच्या पाई चार, सिस्टर पेटवे. तळलेली मासळी, पुरुष मंडळ. ठसठशीत, मोठं अक्षर. मला वाटलं, आता हा हसेल. म्हणेल, व्हर्नेलबाई, मला केक करता येत नाही. स्कीट कागद बघत राहिला. डोळे ओळीवरून सरकत नव्हते. कागद त्यानं जरा लांब धरला, मग जवळ, मग डावा डोळा बारीक केला. एवढा वेळ लागला की वरची पियानोची पट्टी थांबली. मग त्यानं मान हलवली.

"छान आहे," तो म्हणाला. "असंच जाऊ द्या."

नुकताच लिहिलेला कागद व्हर्नेलबाईंच्या हाताखालीच होता, तो त्यांना तेव्हा दिसला. म्हणजे चूक त्यांच्याही लक्षात आली. मग मला वाटलं, ही बाई चुकते. हा कागद द्यायला चुकली तर मंगळवारीही चुकली असेल, आणि मी मांडीच म्हटलं असेल. आणि मी काय म्हटलं असेल याला आता काही अर्थ उरला नव्हता. माझा मुलगा केकांची यादी हातात धरून बसला होता.

"व्हर्नेलबाई," मी म्हटलं, "तो तुमचा कागद फाडा."

"ओझेला, नक्की?"

"नक्की काही नाही. फाडा. रविवारीही यादी वाटा, तिच्यात डोकंच छापा. आणि शेजारी लिहा, आईनं सांगितलं. हवं तर मोठ्या अक्षरात लिहा, त्या डॉक्टरला दिसेल असं."

मग मी कंबर कसली. मला माझा मुलगा माहीत आहे. आता तो उठणार, खुर्ची मागे पडणार, म्हणणार, तुला काय कळतं, तू मैदानात उतरली आहेस का कधी, माझी आठ वर्षं, माझं शरीर, माझं नाव, तू काय माझी मालकीण आहेस. मी एकेकाचं उत्तर तयार ठेवलं. बापाचं मानचिन्ह तोंडावर फेकेल, त्यालाही उत्तर होतं, ते क्लिफ्टनला वीस वर्षांपूर्वी द्यायला हवं होतं तेच. मी उत्तरं रांगेत लावत होते.

स्कीटनं कागद टेबलावर ठेवला. टोपी काढून मांडीवर घेतली.

"बरं, मम्मा," तो म्हणाला.

मी वाट बघितली. व्हर्नेलबाईंनी कागदाचे दोन तुकडे केले, मग चार, हळू, आवाज न करता. स्कीट माझ्याकडे वर बघत होता, शांत, सांगेल ते ऐकायला बसलेल्या परक्या मुलासारखा, आणि मी उभी होते, सगळी उत्तरं तोंडात घेऊन, आता तरी हा भांडेल या आशेनं.